‘आमचा शेर्पा’

या पुस्तकाची प्रस्तावना लिहा असं ते लिहिणाऱ्या पोरांनी सांगितलं, तेव्हा मी आधी माळ्यावरची पत्र्याची ट्रंक खाली काढली. तिच्यात १९९४ सालची डायरी आहे. त्या ऑक्टोबरात आम्ही सहाजण डोंबिवलीहून गोरखपूर, सोनौली करत काठमांडूला आणि तिथून विमानाने लुक्ल्याला गेलो होतो. एव्हरेस्टचा बेस कॅम्प गाठायचा होता. डायरी मोठी टापटीप आहे. पार्ले-जीचे किती पुडे नेले, चिक्की किती उरली, कुणाच्या बुटाचा तळ कुठे सुटला, सोनौलीला रिक्षावाल्याने किती जास्त घेतले, सगळं आहे. आणि ‘आमचा शेर्पा’ आहे. आमचा शेर्पा पुढे गेला. आमच्या शेर्पाने चहा केला. आमचा शेर्पा म्हणतो उद्या थांबा. परवा पेन्सिल घेऊन मोजलं, एकोणतीस वेळा आहे. नाव एकदाही नाही.

बरं, तो शेर्पा नव्हताच. खालच्या टेकड्यांतून मोसमापुरता वर कामाला आलेला राई जमातीचा माणूस होता. हे मला चौथ्या दिवशी कळलं, आणि कळल्याची नोंदही मी इमानदारीत केली आहे: ‘आमचा शेर्पा शेर्पा नाही, राई आहे.’ पुढच्या पानावर परत ‘आमचा शेर्पा’ सुरू.

डायरी वाचताना हसू आलं, मग हसू गेलं. हे पुस्तक हाती आलं नसतं तर ती ट्रंक उघडण्याचं मला कारणही पडलं नसतं.

आठ जणांनी मिळून लिहिलेलं हे पुस्तक खुंबूबद्दल आहे. नेपाळच्या ईशान्येला, एव्हरेस्टच्या दक्षिण अंगाला पसरलेला हा मुलूख. आठजणांतले दोघं गिर्यारोहक आहेत, बाकीचे माझ्यासारखे पायी हिंडणारे. वेगवेगळ्या वर्षी, वेगवेगळ्या ऋतूंत ते तिथे राहिले. एकजण तर ऐन जानेवारीत, लॉजना कुलपं लागलेली असताना एका घरी चुलीपाशी महिना काढून आला. यात किती दिवसांत कुठे पोहोचावं याचे तक्ते नाहीत. एव्हरेस्ट या पुस्तकात पहिल्यांदा दिसतं ते एकसष्टाव्या पानावर, तेही ढगात. ज्यांना शिखराची घाई आहे त्यांनी आताच सावध व्हावं.

शेर्पा हा शब्द ‘शार’ म्हणजे पूर्व आणि ‘पा’ म्हणजे माणसं असा बनला आहे. पूर्वेकडचे लोक. तिबेटच्या पूर्वेकडच्या खाम प्रांतातून सुमारे पाचशे वर्षांपूर्वी ही कुटुंबं निघाली आणि हिमालय ओलांडून खुंबूत उतरली. नांगपा ला ही त्यांची खिंड, उंची ५,७०० मीटरच्या वर, वाट हिमनदीवरून. ‘ला’ म्हणजे खिंड. गुरू रिंपोछे, म्हणजे पद्मसंभव, यांनी संकटकाळासाठी हिमालयात काही खोरी लपवून ठेवली आहेत अशी बौद्धांची श्रद्धा आहे. अशा खोऱ्याला ‘बेयुल’ म्हणतात. खुंबू हे शेर्पांच्या लेखी असंच एक बेयुल. आपण जिथे जग बघायला जातो ती जागा मुळात जगापासून लपण्यासाठी आहे, हे मला पहिल्यांदा वाचताना गमतीचं वाटलं होतं. लुक्ल्याच्या विमानतळावरची हल्लीची गर्दी पाहिल्यावर गंमत कमी झाली.

थामे, नामचे, खुमजुंग, खुंदे, पांगबोचे, फोर्चे ही त्यांची गावं साडेतीन-चार हजार मीटरवर आहेत. तिथे भात होत नाही. जव, फापर आणि एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून बटाटा. बटाटा खुंबूत कुठून शिरला, दार्जिलिंगच्या इंग्रजी बागांतून की काठमांडूच्या रेसिडेन्सीतून, यावर अभ्यासकांचं एकमत नाही. पण तो आला आणि माणसांची पोटं भरायला लागली. ख्रिस्तोफ फॉन फ्यूरर-हाइमेनडॉर्फ (हेच ते, ज्यांनी निजामाच्या मुलखात गोंडांमध्ये काम केलं) हे खुंबूत शिरलेले पहिले मानववंशशास्त्रज्ञ. त्यांचं म्हणणं असं की बटाट्याने लोकसंख्या वाढली, गाठीला चार पैसे उरले आणि त्यातून देवळं-मठ उभे राहिले. पुढच्या अभ्यासकांनी हे गणित इतकं सरळ नसल्याचं दाखवलं. तेही खरं असेल. पण तेंगबोचेचा प्रसिद्ध मठ १९१६ सालचा आहे, म्हणजे माझ्या आजोबांहून फार मोठा नाही, हे कळल्यावर ‘हजारो वर्षांची अनादी संस्कृती’ वगैरे शब्द लिहिताना हात आखडतो. हा मठ १९३४ च्या भूकंपात पडला, पुन्हा बांधला. १९८९ च्या जानेवारीत आगीत जळाला, तेव्हा तिथे वीज येऊन वर्षही झालं नव्हतं. १९९३ मध्ये परत उभा राहिला. १९९४ साली मला तिथे ताज्या रंगाचा वास आला होता आणि ‘जुनं काहीच शिल्लक नाही’ म्हणून मी डायरीत नाक मुरडलं आहे.

शेतीवर वर्ष निघत नव्हतं, म्हणून व्यापार. तिबेटचं मीठ आणि लोकर इकडे, इकडचं धान्य आणि कातडी तिकडे. नांगपा ला वरून याकांचे तांडे जायचे. तेव्हाच्या शेर्पाला खिंड ठाऊक होती, खिंडीतलं हवामान ठाऊक होतं, कोणत्या महिन्यात बर्फ धरतं आणि कधी दगा देतं हे पाठ होतं. शिखराशी त्याला काही कामच नव्हतं. तिथे चारा नाही, मीठ नाही, आणि देव बसलेले.

या देवांबद्दल पुस्तकात स्वतंत्र प्रकरण आहे, आणि मला ते सगळ्यांत आवडलं. खुमजुंग आणि खुंदे या गावांच्या डोक्यावर खुंबिला नावाचा काळा, टोकदार डोंगर उभा आहे. खुंबू युल-ल्हा, म्हणजे खुंबूचा क्षेत्रपाल, तिथे राहतो. चित्रांत तो पांढऱ्या घोड्यावर बसलेला असतो. मराठी माणसाला जेजुरी आठवल्याशिवाय राहत नाही. डोंगराची उंची ५,७०० मीटरच्या आसपास, म्हणजे तिथल्या हिशेबाने टेंगूळच. पण त्यावर कुणी चढत नाही. आपण नेमकं उलटं करतो. कळसूबाईच्या माथ्यावर देवीचं देऊळ बांधतो, कड्याला लोखंडी शिड्या ठोकतो, नवरात्रात बारी गावातून म्हाताऱ्या बायासुद्धा दर्शनाला वर जातात, आणि न जाण्यालाच आपल्याकडे कमी भक्ती समजतात. दोन्हीकडे देव डोंगरावर, दोन्हीकडे भक्ती खरी. फक्त पाय कुठे थांबवायचे हे दोघांनी वेगळं ठरवलं. याची नोंद घेतल्याशिवाय एव्हरेस्टबद्दलचं शेर्पांचं वागणं आपल्याला कळायचं नाही.

एव्हरेस्टवर, म्हणजे त्यांच्या चोमोलुंग्मावर, मियोलांगसांगमा देवी राहते. ही वाघावर बसते आणि हातातल्या पात्रातून अन्न देते. दीर्घायुष्याच्या पाच बहिणींपैकी ती एक. मग तिच्या अंगावर खिळ्यांचे बूट घालून कसं चढायचं? म्हणून चढाईआधी बेस कॅम्पवर दगड रचून पूजा मांडतात. लामा पोथी वाचतो, जुनिपरचा धूर करतात, तांदूळ आणि जवाचं पीठ उधळतात, क्रॅम्पॉन आणि हिमकुऱ्हाडी पूजेपाशी टेकवून ठेवतात, अगदी आपल्या खंडेनवमीसारखं. या पूजेआधी शेर्पा आइसफॉलमध्ये, म्हणजे बेस कॅम्पच्या वरच्या फुटक्या हिमनदीत, पाय घालायला नाखूश असतात. बरेच परदेशी आणि आपलेही लोक या पूजेचे फोटो ‘स्थानिक रंगत’ म्हणून काढतात. प्रत्यक्षात ती माफी असते. पोटासाठी तुझ्यावर पाय देतो आहोत, राग धरू नकोस. देवी अन्नदात्री आहे आणि गेली शंभर वर्षं ती खरोखरच अन्न देते आहे, यातला पेच त्यांना आपल्यापेक्षा जास्त कळतो.

ही शंभर वर्षं सुरू झाली दार्जिलिंगला. खुंबूतली पोरं मजुरीसाठी तिथे उतरायची. चहामळे, रस्ते, पालख्या. अलेक्झांडर केलास नावाचा स्कॉटिश रसायनशास्त्रज्ञ १९०७ पासून सिक्कीमच्या शिखरांवर जायचा. उंचीवर हे लोक किती चांगले टिकतात हे त्याने हेरलं आणि सांगितलं. १९२१ साली एव्हरेस्टची पहिली टेहळणी मोहीम निघाली. केलास त्या वाटेवरच वारला, शेर्पा मात्र कामाला लागले. पुढच्याच वर्षी, ७ जून १९२२ ला, नॉर्थ कोलखाली हिमस्खलनात सात भारवाहक गेले. एव्हरेस्टने घेतलेले पहिले बळी ते, आणि त्यांतला एकही साहेब नव्हता. १९३४ मध्ये नंगा पर्बतवर वादळात तीन जर्मन गिर्यारोहक आणि सहा शेर्पा गेले. त्यांतला गायले नावाचा शेर्पा खाली उतरू शकत होता. तो आपल्या नेत्यापाशी, विली मेर्कलपाशी, थांबला आणि तिथेच संपला. या गोष्टी निष्ठेच्या कथा म्हणून खूप सांगितल्या गेल्या. हिमालयन क्लबने १९३०च्या दशकाच्या अखेरीस उत्तम उंच-भारवाहकांना ‘टायगर’ असा बिल्ला द्यायला सुरुवात केली. बिल्ला मानाचा होताच. मजुरीचा दरही बिल्ल्याने वाढायचा, हे वाक्य मात्र निष्ठेच्या कथांत सहसा नसतं.

मोहिमेतल्या मुख्य शेर्पाला म्हणायचे ‘सिरदार’. आपलाच सरदार. माणसं नेमणारा, भार वाटणारा, हिशेब ठेवणारा. त्या एका शब्दावरून कळतं की हे काम नुसत्या पाठीचं नव्हतं. थाम्यात वाढलेले तेनझिंग नोर्गे १९५३ च्या ब्रिटिश मोहिमेत सिरदार होते आणि चढाईच्या तुकडीतही होते. २९ मे रोजी हिलरींबरोबर ते वर उभे राहिले. आदल्याच वर्षी स्विस मोहिमेत रेमाँ लाँबेरबरोबर ते साडेआठ हजार मीटरच्या वर जाऊन परतले होते. पहिलं पाऊल कुणाचं हा वाद आपल्या वर्तमानपत्रांनी तेव्हा फार चघळला. तेनझिंग मात्र १९५४ मध्ये दार्जिलिंगला निघालेल्या हिमालयन माउंटेनियरिंग इन्स्टिट्यूटमध्ये पोरांना दोराच्या गाठी शिकवायला लागले.

एकीकडे १९५९ नंतर तिबेटची वाट आवळत गेली. मीठ थांबलं, याकांचे तांडे थांबले. दुसरीकडे १९५० मध्ये नेपाळने दार किलकिलं केलं होतं आणि गोरे लोक दक्षिणेकडून यायला लागले होते. १९६१ ला हिलरींनी खुमजुंगला शाळा बांधली, १९६६ ला खुंद्याला इस्पितळ. अशा कामांचं सामान आणायला १९६४ मध्ये लुक्ल्याची धावपट्टी केली. जमीन मऊ होती, ती दाबायला शेर्पांनी हातात हात घालून त्यावर नाच केला, असं हिलरी सांगत. आज पक्की असलेली ती धावपट्टी जेमतेम ५२७ मीटर लांब आहे आणि सरळ चढणीची आहे. विमान चढावर उतरतं आणि उतारावरून दरीत झेप घेतं. आम्ही गेलो तेव्हा ती मातीची होती. शेजारच्या सीटवरच्या नेपाळी बाई मांडीवर कोंबडा घेऊन शांत बसल्या होत्या आणि मी मारुतिस्तोत्र पुटपुटत होतो. शाळा-इस्पितळासाठी केलेल्या त्या पट्टीने ट्रेकिंगचा धंदा आणला. जिथे पूर्वी काठमांडूहून दोन आठवडे चालून यायचं तिथे पाऊण तासात माणूस २,८४५ मीटरवर. सोय झाली, आणि माझ्यासारख्या शहाण्यांचा घातही.

त्याबद्दल सांगतो. आधी भाराबद्दल सांगू द्या.

दुधकोसीवरचा उंच झुलता पूल ओलांडला की नामच्याची उभी चढण लागते. तिथे एका वळणावर दगडी ओट्यापाशी दोन तास बसून पुस्तकातल्या एका लेखिकेने फक्त जाणारे भार लिहून काढले आहेत. प्लायवूड, गॅस सिलिंडर, बिअर, अंड्यांचे ट्रे, एका माणसाच्या पाठीवर आख्खं दार चौकटीसह. ही माणसं बहुतेक राई, तामांग, मगर. शेर्पा या वाटेवर आता क्वचितच भार वाहतात; ते लॉजचे मालक आहेत किंवा वर दोर लावत आहेत. भार असतो ‘डोको’त, म्हणजे बांबूच्या निमुळत्या टोपलीत, आणि टोपली तोललेली असते ‘नाम्लो’वर, कपाळावरून घेतलेल्या पट्ट्यावर. आपली मोळीवाली बाई चुंबळ ठेवून डोक्यावर घेते. इथे मान आणि कपाळ. हातात इंग्रजी ‘टी’च्या आकाराची बुटकी काठी, ‘तोक्मा’. पंधरा-वीस पावलं टाकायची, काठी मागे डोकोखाली टेकवायची, उभ्यानेच भार तिच्यावर सोडायचा, दातांतून शीळ घातल्यासारखा श्वास सोडायचा. पुन्हा पंधरा पावलं. बसायचं नाही, कारण बसलं की उठताना निम्मी ताकद जाते. लेखिकेने तोक्माच्या मुठीचं वर्णन केलं आहे: वर्षानुवर्षं टोपली टेकून तिच्या मधोमध खळगा पडलेला असतो.

या वाटेवरच्या भारवाहकांचं २००५ साली एका शास्त्रीय पाहणीत वजन घेतलं, भारासकट. पुरुषांचा भार सरासरी त्यांच्या स्वतःच्या वजनाच्या ९३ टक्के भरला, बायकांचा ६६ टक्के. १९९४ साली आम्ही सहाजणांनी आमच्या एका राईच्या डोकोत काय काय भरलं होतं ते डायरीत आहे. बेरीज मी केली नाही. केरोसीनचा कॅन आणि प्रेशर कुकर तेवढे आठवतात. वर जाऊन खिचडी करायची होती आम्हाला.

आता त्या घाताची रात्र. आमचा राई नामच्याला म्हणाला, इथे एक दिवस जास्त राहा. सह्याद्रीत पंधरा वर्षं काढलेल्या माणसाला कोण सांगणार? रायगड, राजगड, हरिश्चंद्रगडाची नळी, सगळं पाठीशी. आम्ही गेलो पुढे. तेंगबोचे, फेरिचे, लोबुचे, रोज नवा मुक्काम. तीन हजार मीटरच्या वर झोपायची उंची एका रात्रीत पाचशे मीटरपेक्षा जास्त वाढवू नये आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस विसावा घ्यावा, हा साधा नियम आता शाळकरी पोरांनाही माहीत असतो. बेस कॅम्पच्या ५,३६४ मीटरवर हवेचा दाब समुद्रकाठच्या निम्मा असतो. हवेत प्राणवायूचं प्रमाण तेवढंच, पण घासच निम्मा. शरीराला यासाठी वेळ लागतो. तिबेटी आणि शेर्पा लोकांच्या रक्तात याची पिढ्यान् पिढ्यांची सोय आहे. त्यातल्या ईपीएएस१ या जनुकाचं काम २०१० मध्ये उजेडात आलं. आपल्याकडे ती सोय नाही आणि गडांच्या संख्येने ती येत नाही.

लोबुच्याला, पावणेपाच हजार मीटरच्या वर, संध्याकाळी माझं डोकं ठणकायला लागलं. जेवण उलटलं. थकवा म्हणून मी पडून राहिलो. रात्री बाहेर जायला उठलो तर पाय दारूड्यासारखे पडत होते आणि बुटाची नाडी बांधता येईना. बांधायची कशी हेच आठवेना. सोबती म्हणाले, सकाळी बघू. तो राई आला, टॉर्च माझ्या तोंडावर धरली, दोन प्रश्न विचारले, आणि कुणाची परवानगी न विचारता माझे बूट बांधले. आम्ही दोघं खाली निघालो. किती वाजले होते ते डायरीत नाही, कारण त्या दिवसाचं पानच नाही. थुकल्याच्या खिंडीपाशी मी एका दगडांच्या रचलेल्या ढिगाला टेकून बसलो, झोपायचंच म्हणून. ‘दाइ, उठ्नुस्,’ तो म्हणाला. दादा, उठा. मी हललो नाही. त्याने माझ्या बखोटीला धरून उठवलं. असं तीन-चारदा झालं असावं. पाचसहाशे मीटर खाली फेरिच्याला हिमालयन रेस्क्यू असोसिएशनचा मोसमी दवाखाना आहे, १९७३ पासून. तिथल्या डॉक्टरांनी पहाटे सांगितलं की लोबुच्यालाच राहिला असतात तर सकाळ दिसली नसती.

रात्रभर तो मला दाइ म्हणत होता. मी त्याला शेर्पा म्हणत होतो.

२०१८ साली परत गेलो. या वेळी नामच्याला दोन दिवस राहिलो, सून सोबत होती, तिने राहायलाच लावलं. थुकल्याची खिंड उजेडात पाहिली. १९९४ ला मी ज्याला ढिगारा समजलो ते स्मारक होतं; तिथे पठारभर अशी दगडी स्मारकं आहेत, एव्हरेस्टवर गेलेल्यांची. १९९६ च्या वादळात गेलेल्या स्कॉट फिशर यांचं आहे. बाबू छिरी शेर्पांचं आहे, ज्यांनी १९९९ मध्ये शिखरावर प्राणवायूच्या नळकांड्याशिवाय २१ तास काढले आणि २००१ मध्ये कॅम्प दोनजवळ हिमभेगेत पडून गेले. मी कशाला टेकलो होतो ते ओळखू आलं नाही. काही ढिगांवर पाटीच नव्हती.

१८ एप्रिल २०१४ ला पहाटे खुंबू आइसफॉलवर बर्फाचा कडा कोसळला आणि सोळा नेपाळी कामगार गेले. दोर, तंबू, प्राणवायू वर नेत होते. सरकारने प्रत्येक कुटुंबाला आधी चाळीस हजार नेपाळी रुपये जाहीर केले. शेर्पांनी ते नाकारलं, काम थांबवलं, त्या वर्षीचा मोसम बुडाला. ‘हसतमुख’ शेर्पांना राग येतो ही जगाला तेव्हा बातमी वाटली. पुढे विम्याची रक्कम वाढली. परदेशी गिर्यारोहकाला वसंत ऋतूत दक्षिण बाजूने चढायचा परवाना पूर्वी ११,००० डॉलरला मिळायचा, सप्टेंबर २०२५ पासून १५,००० झाला आहे. त्यातलं आइसफॉलमध्ये शिड्या लावणाऱ्याच्या घरी किती पोहोचतं हा प्रश्न या पुस्तकातल्या एका गिर्यारोहकाने त्यालाच, त्याच्याच घरी, बटाटे सोलता सोलता विचारला. उत्तर मी इथे फोडत नाही.

मी मात्र कण्हत बसणार नाही, कारण तिथले लोक कण्हत नाहीत. १६ जानेवारी २०२१ ला हिवाळ्यात के-२ पहिल्यांदा चढला तो दहा नेपाळ्यांनी, नऊ शेर्पा आणि एक मगर. शिखराच्या अलीकडे एकमेकांसाठी थांबून सगळे एकत्र वर गेले. थाम्याच्या कामी रीता शेर्पांनी २०२५ पर्यंत एव्हरेस्ट ३१ वेळा गाठलं आहे. त्यांची पहिली खेप १९९४ ची, मी लोबुच्याला नाडी विसरलो त्याच वर्षीची. पण थाम्यातली किती पोरं आता अमेरिकेत आणि काठमांडूत आहेत तेही या पुस्तकात वाचा. आणि १६ ऑगस्ट २०२४ ला वरची हिमतळी फुटून त्याच थाम्यात घरं, शाळा आणि दवाखाना गाळाखाली गेला, तो वृत्तान्तही. सुदैवाने दिवसाढवळ्या झालं, माणूस गेला नाही. १९८५ मध्येही त्याच खोऱ्यात दिग त्सो फुटून बांधून होत आलेलं वीजकेंद्र वाहून गेलं होतं. लपलेल्या खोऱ्यालाही आता वरून धोका आहे.

मराठी माणसाचं हिमालयाशी नातं जुनं आणि उत्साहाचं आहे. १९९८ ला सुरेंद्र चव्हाण एव्हरेस्टवर पोहोचले, २०१२ ला पुण्याच्या गिरिप्रेमीचे आठजण. त्यानंतर बेस कॅम्पला जाणाऱ्यांची रीघ लागली. दिवाळीच्या सुट्टीत नामच्यात मराठी ऐकू येणं आता नवलाचं नाही. यातल्या बहुतेकांनी सह्याद्रीत धनगरवाड्यावर रात्री काढलेल्या असतात, मामींच्या हातचं पिठलं खाल्लेलं असतं, वाटाड्याला ‘काका’ म्हटलेलं असतं. तीच माणसं तिकडे गेली की लॉजच्या चुलीशी बसलेल्या बाईंना गिऱ्हाइकासारखी हाक मारतात. पैसे देऊन गेलो की काका सुटतो, असं काहीसं होतं. माझंच उदाहरण वर आहे.

म्हणून या आठजणांनी एक साधा नेम केला: भेटलेल्या माणसाला नावानेच लिहायचं. ‘शेर्पा’ हा शब्द फक्त शेर्पा असलेल्यांसाठी. सुरुवातीला याचा घोळ होतो, कारण शेर्पांत जन्मवारावरून नाव ठेवायची चाल आहे. रविवारी न्यिमा, सोमवारी दावा, मंगळवारी मिंगमा, बुधवारी ल्हाक्पा, गुरुवारी फुर्बा, शुक्रवारी पासांग, शनिवारी पेंबा, मुलगा असो की मुलगी. त्यामुळे पुस्तकात चार पासांग आणि तीन दावा आहेत. माझ्या ओळखीच्या एका संपादकांनी कच्चं हस्तलिखित वाचून ‘नावं बदला, गोंधळ होतो’ असं सुचवलं. आपल्याच ठाकर-कातकरी पाड्यांवर मंगळ्या, बुध्या, सुकऱ्या किती असतात! तिथे कुणाचा गोंधळ होत नाही. अमक्या घरचा मंगळ्या म्हटलं की झालं. पोरांनी तेच केलं: फोर्च्याची पासांग, खुंद्याचा पासांग. ऐकायला बरंही वाटतं.

एक भाषेची अडचण मात्र सुटलेली नाही. याक हा नर. मादीला ‘नाक’ म्हणतात. तेव्हा ‘याकचं दूध’, ‘याकचं लोणी’ असं कुणी म्हटलं की तिथल्या बायका पदराआड हसतात. बरोबर लिहायचं तर ‘नाकाचं लोणी’ लिहावं लागतं, आणि मराठीत ते काही तोंडात घालवत नाही. पोरांनी वाद घालून शेवटी ‘नाक-गायीचं लोणी’ केलं आहे.

ते लोणी शेवटच्या पानावरच्या पदार्थाला लागतं. ‘रिगी कुर’, बटाट्याची जाड पोळी. कच्चे बटाटे किसायचे, फापराचं पीठ आणि मीठ घालून भिजवायचं, तव्यावर हाताने थापून मंद आचेवर दोन्हीकडून भाजायचं. वर लोणी, बाजूला मिरची घातलेलं चीज. कृतीखाली सांगणाऱ्या बाईंचं नाव, गाव आणि त्यांनी किसणी कशी धरली याचं रेखाचित्र आहे. माझ्या सुनेने मंचरच्या बटाट्यांची करून पाहिली. पहिली तव्याला चिकटली, दुसरी तुटली, तिसरी जमली. बटाट्याचं पाणी घट्ट पिळून काढायचं राहिलं होतं. ते कृतीत लिहिलेलं आहे, आम्हीच नीट वाचलं नव्हतं.